पाय निघाला

जेलोसी सुताराच्या पडवीत एका मोडक्या कपाटाचा उभा आरसा कधीचा भिंतीला टेकून पडला होता. तो मागायला तेम्वा गेली त्या सकाळी म्वेरा सुटला होता. दक्षिणेकडून हा वारा सुटला की न्खाटा बेचं सरोवर समुद्रासारखं गर्जायला लागतं, होड्या वाळूवर ओढून ठेवतात आणि चढावावरच्या घरांचे पत्रे दिवसभर कुणीतरी नखांनी खरवडत असल्यासारखे कुरकुरत राहतात.

"आरसा? इस्पितळात?" जेलोसीनं रंधा खाली ठेवला. "आजाऱ्यांना त्यांची तोंडं दाखवणार की काय? आधीच बिचारे गांजलेले."

"तोंड नाही, पाय दाखवायचाय."

"पाय बघायला आरसा कशाला? मान वाकवली की दिसतो."

"ज्याला पायच नाही, त्यानं किती मान वाकवायची?"

जेलोसीनं आपला डावा हात सरळ डोक्यावर नेला आणि खाली आणला. "हा खांदा तू सोडवलास. नाहीतर रंधा विकून मी आज मासळी वाळवत बसलो असतो. ने तो आरसा. फुटला तरी माझ्याकडे रडत येऊ नकोस."

तेम्वा लोंग्वे तिथल्या इस्पितळात फिजिओ होती. हाड जुळलं पण सांधा आखडला, अंगावरून वारं गेलं आणि अर्धं अंग लुळं पडलं, अशी माणसं तिच्या हाती यायची. ती त्यांच्यावर ओरडायची, त्यांना हसवायची, रडवायची आणि शेवटी चालवायची. गावात म्हणत, जीव वाचवतात डॉक्टर, पण वाचलेल्या माणसाला घरापर्यंत चालत आणते ती तेम्वा. फक्त स्वतःच्या घरात तिची विद्या हरली होती. तिच्या आईला, मांडांच्या घराण्यातली लेक म्हणून सगळे न्यामांडा म्हणत तिला, पक्षाघाताचा झटका येऊन गेला होता. बोलणं परत आलं, हातही बराच परत आला. उजवा पाय मात्र जो गेला तो गेला. तेम्वा रोज संध्याकाळी तो मांडीवर घेऊन घोटा वळवायची, बोटं ताणायची. पाय पिठाच्या पिशवीसारखा गार आणि जड लागायचा.

"जगाला चालवतेस," आई थट्टेनं म्हणायची, "माझ्याच पायाशी काय वाकडं आहे गं तुझं?"

तेम्वा हसायची. नंतर मोरीत जाऊन बराच वेळ हात धूत बसायची.

आरसा हवा होता तो चिमांगो म्फांडेसाठी. हा दक्षिणेकडच्या किनाऱ्यावरचा मासेमार, अंगानं दणकट, बोलायला मोकळा. धक्क्याला लागताना मोठी बोट आणि लाकडी खांब यांच्यात त्याचा उजवा पाय सापडला आणि गुडघ्याखाली कापावा लागला. कापलेला भाग त्याच्या काकांनी चितेंजेच्या कापडात गुंडाळून गावी नेला आणि घराण्याच्या दफनभूमीत पुरला. माणसाचा तुकडाही उघड्यावर टाकायचा नाही, अशी तिथली रीत. जखम भरली, टाके निघाले. पण पाय दुखायचा राहीना. नसलेला पाय.

"बोटं मुठीत धरल्यासारखी आवळून धरलीत कुणीतरी," तो घामाघूम होऊन सांगायचा. "सोड म्हणावं तर कुणाला म्हणू?"

रबरी पाय तयार होऊन आला होता. तो लावून बघायचा म्हटलं की चिमांगो दोन्ही हात आडवे धरायचा. "तिथं जागा कुठाय, डॉक्टरबाई? तिथं माझा पाय आहे की."

त्याची बायको तामारा, पाठीला तान्ही लेक बांधून, खाटेशी उभी असायची. नवऱ्याला ऐकू जाणार नाही अशा आवाजात ती एकदा तेम्वाला म्हणाली, "दीर होडीला गिऱ्हाईक बघतोय. म्हणतो, बसून खाणाऱ्याला होडी कशाला? यांना उभं करा हो. नुसतं दारापर्यंत चालले तरी त्याचं तोंड बंद होईल."

तेम्वानं चिमांगोला समजावलं होतं. मेंदूत सगळ्या अंगाचा एक नकाशा असतो. अवयव गेला तरी नकाशावरचं गाव पुसलं जात नाही, आणि त्या गावाहून हाका येत राहतात. मेंदूला फसवायचं असेल तर डोळ्यांना आधी फसवायला हवं. म्हणून तिनं त्याला लांब पाय करून बसवलं, दोन्ही पायांच्या मधोमध आरसा उभा केला आणि त्याचा धडधाकट डावा पाय आरशात दिसेल असा कोन साधला. आता बघावं तर तिथं दोन पाय होते.

चिमांगो बघत राहिला. हसला. मग त्याचे डोळे भरून आले.

"डाव्या पायाची बोटं हलव. हळूहळू उघड," तेम्वा म्हणाली. "आणि बघायचं आरशातच."

बाहेर म्वेरा पत्रे खरवडत होता. आरशातली बोटं उघडली, मिटली, पुन्हा उघडली. चिमांगोच्या गळ्यातून एक लांब सुस्कारा निघाला.

"सुटलं," तो म्हणाला. "डॉक्टरबाई, सुटलं! बोटं सोडली त्यानं."

"कुणी?"

"ते... ज्यानं कुणी धरली होती त्यानं."

त्या संध्याकाळी तेम्वानं घरी कसाव्याच्या पिठाचं कोंडोवोले घोटताना आईला सगळं रंगवून सांगितलं. कित्येक महिन्यांत ती इतकी खूश नव्हती.

मग चिमांगोला त्या नसलेल्या पायाखाली वाळू जाणवू लागली.

पहिल्यांदा त्यानं सांगितलं तेव्हा तेम्वाला नवल वाटलं नाही. असलं ऐकण्याची तिला सवय होती; कुणाला नसलेला हात खाजतो, कुणाला नसलेल्या बोटात अंगठी रुतते. पण चिमांगो रोज आरशात बघत रोज वेगळं सांगायला लागला. ओली वाळू. मग कोरडी, तापलेली. मग खडबडीत खडक आणि त्यावर काहीतरी पिठासारखं.

"कसावा वाळत घातलाय," तामारा चटकन म्हणाली. "आमच्या गावाच्या वरच्या अंगाला असाच खडक आहे. सगळ्या बायका तिथंच घालतात."

चिमांगोनं मान डोलावली. त्याच्या चेहऱ्यावर वेदनेची रेघही नव्हती. "पुरला तिथनं निघालाय तो," तो म्हणाला. "चालतोय."

ही गोष्ट वॉर्डात पसरायला वेळ लागला नाही. खुब्याचं हाड मोडून पडलेले न्यिरोंगो आजोबा शेजारच्या खाटेवरून ओरडले, "येऊ दे की! मिनीबसचं भाडं वाचलं. माझ्या म्हातारीला सांग रे त्याच्याबरोबर थोडी उसिपा मासळी पाठवून दे म्हणून." सगळा वॉर्ड खो खो हसला. चिमांगोही हसला.

हसत नव्हती ती तामारा. कोपऱ्यात ओढून तिनं तेम्वाला विचारलं, "पुरलेला पाय उठून येतो का हो कधी?"

"पाय येत नाही. चिमांगोला गावाची आठवण येतेय. ओळखीच्या वाटा आठवतायत, एवढंच."

"पण मग पाय गावाकडं जायला हवा ना..." तामारा म्हणाली. "हा तर गावाहून इकडं यायला निघालाय."

तेम्वा आरसा पुसायला वळली.

आरसा बंद करावा असं तिच्या मनात आलं. पण कारण काय सांगणार? चिमांगो आता रात्रभर झोपत होता. पोटभर जेवत होता. समांतर दांड्यांच्या मध्ये त्यानं रबरी पाय लावून पहिल्यांदा अंगाचा भार टाकला तेव्हा तामारानं तोंडावर चितेंजेचं टोक धरून आनंदानं किंकाळी फोडली होती. बरा होत असलेला रोगी पुढं बसलाय आणि त्याचा उपचार काढून घ्यायचा, तो कशासाठी? तर नसलेला पाय कुठं चाललाय हे मला आवडत नाही म्हणून?

तिनं आरसा ठेवला. पाय चालत राहिला. त्यानं लाकडी पूल ओलांडला. फळ्या बुळबुळीत होत्या, एक निखळलेली होती. तो रबराच्या मळ्यातून आला. वाळलेली पानं चुरचुरत होती. त्या दिवशी खिडक्या बंद होत्या, आणि तरी खोलीत रबराच्या चिकाचा तो आंबूस वास दाटला. तेम्वानं तामाराकडे पाहिलं. तामारानं नाकाला कापड लावलं होतं.

"वाऱ्यानं आला असेल," तेम्वा म्हणाली.

मळा तिथून किती लांब होता, याचा हिशोब करायचं तिनं मुद्दामच टाळलं.

आणि मग तो दिवस आला, ज्या दिवशी पाय न्खाटा बेत शिरला. दुपार होती. सरोवरावरून धुकट पाऊस सरकत होता आणि खोलीत दिवसाढवळ्या दिवा लावावा इतका अंधार होता. चिमांगो आरशात बघत हलक्या आवाजात बोलत होता, झोपेतला माणूस बोलतो तसा.

"बाजार... चिखल आहे... आता चढ लागला."

चढ म्हणजे इस्पितळाची वाट. तामारा उठून दारापाशी गेली, मग दारापासून लांब जाऊन उभी राहिली. तेम्वाला स्वतःचं हसू येत होतं आणि घाम फुटत होता, दोन्ही एकदम. व्हरांड्यात कुणीतरी बादली ठेवली, त्या आवाजानं तिघंही दचकली.

"आता वाट फुटतेय," चिमांगो म्हणाला. "दोन वाटा."

"उजवीकडची आपली," तेम्वा पुटपुटली. आपण त्या पायाला वाट सांगतोय हे बोलून गेल्यावर तिच्या ध्यानात आलं.

"नाही... डावीकडं वळला."

डावीकडची वाट इस्पितळातल्या नोकरांच्या घरांकडे जात होती.

"पायऱ्या आहेत. मधलीचा टवका उडालाय. मग फरशी... गुळगुळीत, गार. पॉलिश केलेली." तो थांबला. "दार लोटलेलंच आहे... आत पोतं अंथरलंय. तो पाय पुसतोय."

"पुरे," तेम्वा म्हणाली.

"आता मऊ काहीतरी... गरम. पांघरूण असावं. आत जागा आहे..." चिमांगोचा श्वास संथ झाला. "गेला."

"कुठं गेला?"

त्यानं तिच्याकडे पाहिलं. चेहरा असा मोकळा, जणू डोक्यावरचं ओझं कुणी उतरवून घेतलंय. "आता काहीच नाही, डॉक्टरबाई. दुखत नाही, खाजत नाही, जड नाही. नुसतं थोटूक आहे. आणा तो रबरी पाय."

तेम्वा पावसातून घरी धावली. वाटेत ती स्वतःला समजावत होती की पायरीचा टवका काय, कुणाच्याही घरी उडतो. लाल पॉलिशची फरशी तर घरोघरी आहे. पोतंही घरोघरी आहे. पोत्याशी येऊन ती थबकली. पोतं ओलं होतं, आणि त्याच्या एका बाजूला चिखल पुसलेला होता. एकाच बाजूला.

आई खाटेच्या कडेला बसली होती. पाय खाली सोडून.

"पुन्हा काय विसरलीस?" आई म्हणाली. "मघाशी येऊन गेलीस ती काही बोललीही नाहीस."

"मी आले नव्हते, आई."

"मग कोण आलं होतं? पावलं वाजली. मला डोळा लागला होता, नुसतं ऐकलं." मग आईचा आवाज बदलला, लहान मुलीसारखा झाला. "ते जाऊ दे. तेम्वा, इकडं ये. हे बघ."

तिच्या उजव्या पायाचा अंगठा वर उचलला गेला. खाली आला. पुन्हा वर.

तेम्वा गुडघ्यांवर बसली. किती संध्याकाळी तिनं याच अंगठ्याकडे बघत देवाची आळवणी केली होती! तिनं पाय हातात घेतला. तो गरम होता. आई हसत होती, रडत होती, तिचे केस कुरवाळत होती. आणि तेम्वालाही रडू फुटलं, पण ते आनंदाचं की आणखी कशाचं हे तिला सांगता आलं नसतं.

पुढं सगळं झपाट्यानं झालं. पक्षाघाताचा पाय परत येतो तो कसा, हे तेम्वाला पाठ होतं. आधी मांडी, मग गुडघा, घोटा सगळ्यात शेवटी. आणि तोही पाय ओढत, फेंगडत. न्यामांडाचा पाय तळव्याकडून वर जागा होत गेला. थोड्याच दिवसांत ती भिंत धरून उभी राहिली, मग काठी घेऊन अंगणात आली. डाव्या पायानं ती म्हाताऱ्या बाईसारखी जपून पाऊल टाकायची. उजवं पाऊल मात्र बोटं फाकवून, जमीन पकडत, डुलत्या होडीत उभं राहिल्यासारखं पडायचं. वर्षानुवर्षं पांघरुणात राहिलेला तो मऊ तळवा आता करवंटीसारखा टणक झाला होता, टाचेला भेगा होत्या. घोट्याभोवती एक काळसर वण होता.

"हे कशाचं, आई?"

"मला काय माहीत? मी थोडीच माझा पाय बघत बसते? चालतोय ना, बास." आणि ती हसून पुढं म्हणायची, "पोरीच्या हाताला यश आलं बरं!"

चर्चमधल्या बायका दारात येऊन गाऊन गेल्या. इस्पितळातल्या मोठ्या डॉक्टरांनी न्यामांडाला चालताना बघून डोकं खाजवलं आणि तेम्वाची पाठ थोपटली. घरोघरच्या लोकांनी आपापले लुळे-पांगळे तिच्याकडे आणायला सुरुवात केली. सगळे खूश होते. एकट्या तेम्वाला काही कळेनासं झालं होतं. रोज संध्याकाळी ती आईचा पाय मांडीवर घ्यायची आणि घेताना तिला वाटायचं, विचारायला हवं. आपण कुणाच्या पायाला हात लावतोय, तर आधी त्याला विचारायला हवं.

शेवटी तिनं चिमांगोला सांगून टाकलं. तो घरी जायच्या तयारीत होता. रबरी पायात वहाण घालून तो व्हरांड्यात फेऱ्या मारत होता आणि न्यिरोंगो आजोबा त्याला "साहेब, जरा सावकाश, फरशी झिजेल" म्हणून चिडवत होते. तेम्वा त्याला कोपऱ्यात घेऊन गेली. सगळं सांगितलं, पायरी, पोतं, आईचा अंगठा. आपण वेड्यासारखं बोलतोय हे तिला ऐकू येत होतं.

चिमांगोनं शांतपणे ऐकून घेतलं. मग तो इतक्या मोठ्यानं हसला की वॉर्डातली माणसं वळून बघायला लागली.

"मग चांगलंच झालं की! मातीत पडून काय करणार होता? आजींच्या कामी आला."

"तुला... काही वाटत नाही?"

"माझं दुखणं गेलं, आजी चालायला लागल्या. वाटायचं काय त्यात?" त्यानं तिच्या खांद्यावर हात ठेवला. "रविवारी गावी निघालोय. जाताना येतो तुमच्याकडं. बघू तरी, बेटा कसा नांदतोय सासरी."

त्या एका वाक्यानं तेम्वाच्या छातीवरचा धोंडा उतरला. ज्याची वस्तू त्यानंच आनंदानं दिली म्हटल्यावर आपण कोण शंका काढणार? त्या रात्री ती गाढ झोपली.

रविवारी म्वेरा पडला होता. इतके दिवस कानात भरलेला आवाज एकाएकी थांबला की कान दुखतात, तशी ती दुपार होती. सरोवरावर चिलटांचे खांब उठले होते. धुरासारखे काळे, उंच, आणि हलत नसल्यासारखे वाटणारे. चिमांगो, तामारा आणि पाठीवरची लेक आली. सोबत धुरी दिलेली मासळी होती. न्यामांडानं स्वतःच्या पायांनी चुलीपर्यंत जाऊन ती परतली. सगळी पोटभर जेवली. चिमांगोनं भावाला होडीवरून कसं हुसकावणार ते साभिनय करून दाखवलं. न्यामांडा हसून हसून दमली आणि व्हरांड्यातल्या वेताच्या खुर्चीत बसल्या बसल्या तिला झोप लागली. तोंड किंचित उघडं, हात मांडीवर, पाय फरशीवर.

तामारानं लेकीला सोडून खाली ठेवलं. ती रांगत निघाली. भांड्यांकडे नाही, मांजराकडे नाही, सरळ खुर्चीकडे. न्यामांडाच्या उजव्या पावलाशी पोचली आणि त्यावर पोट टेकून पडली.

"बघा, बापाचा पाय बरोबर ओळखला!" तामारा हसली. हसताना तिचा आवाज जरा फाटला.

पाऊल हलायला लागलं. टाच फरशीवर, चवडा वर-खाली. पाळण्यासारखं. न्यामांडा झोपेतच होती, तिचा श्वास संथ चालला होता. पोर खुदखुदली.

"आजी मस्करी करतायत," चिमांगो म्हणाला.

"आई झोपलीय," तेम्वा म्हणाली.

पाऊल हलत राहिलं. जरा वेळानं चिमांगो काठी टेकत उठला. "ये गं, ठमे, आजींना निजू दे," म्हणत तो वाकला आणि त्यानं लेकीला काखेत धरून उचललं. ती उचलली जाईना. त्यानं खाली बघितलं. पायाच्या बोटांनी तिच्या झबल्याची कड पकडली होती. घट्ट, मुठीत धरावी तशी.

चिमांगो खाली बसला. त्यानं ती बोटं सोडवायला हात घातला आणि हात तिथंच राहिला. बराच वेळ तो त्या पायाकडे बघत होता.

"डॉक्टरबाई..."

"काय?"

"माझ्या अंगठ्याला नख नव्हतं." तो इतक्या हळू बोलला की तेम्वाला जवळ वाकावं लागलं. "लहानपणी होडीचा नांगर पडला होता त्यावर. पुन्हा उगवलंच नाही कधी. तामाराला विचारा."

न्यामांडाच्या उजव्या अंगठ्याला नख होतं. जाड, पिवळं, पूर्ण.

"हा माझा नाही..." चिमांगो म्हणाला.

"अरे, पण तुला जाणवत होता ना तो? वाळू, पूल, पायऱ्या... तूच तर सांगत होतास."

"जाणवत होता. आमच्या घराण्याच्या दफनभूमीतनंच निघाला होता. म्हणून मला वाटलं..." त्यानं हात मागं घेतला. "तिथं माझा एकट्याचा पाय पुरलेला नाही."

तामारा भिंतीला टेकून उभी होती, दोन्ही हात तोंडावर. तेम्वा खाली बसली. आयुष्यभर तिनं आखडलेली बोटं उघडली होती, कुठं दाबलं की मूठ सुटते ते तिला झोपेतही जमलं असतं. तिनं तळव्यात अंगठा रुतवला आणि एकेक बोट सोडवायला घेतलं. एक सुटलं की आधीचं पुन्हा मिटायचं. न्यामांडा झोपली होती.

पोर रडत नव्हती. तिनं मान मागं टाकली होती आणि ती वर बघत होती. न्यामांडाच्या तोंडाकडे नाही; त्याच्याही वर, खुर्चीच्या पाठीच्या वर, तिथं नुसता मोकळा व्हरांडा होता. त्या पायावर कुणी ताठ उभं असतं, तर त्याचा चेहरा जिथं आला असता, तिथं बघून ती हसत होती आणि मधूनमधून, कुणीतरी काही विचारल्यासारखी, मान हलवत होती.